नॉर्वेतलं गुडब्रान्सडालेन खोरं नीट कसं पाहावं

लिलेहामरहून ई६ महामार्गाने थेट उत्तरेकडे सुसाट गेलात तर फक्त नदी दिसते. लोगेन ही नदी सुमारे २०० किलोमीटर वाहून लिलेहामरजवळ म्योसा सरोवराला मिळते. उगम लेशाजवळच्या सरोवरात. गंमत म्हणजे त्याच सरोवराच्या दुसऱ्या टोकातून रौमा नदी पश्चिमेला समुद्राकडे जाते.

जुनी शेतघरं काठावर शोधू नका, उतारावर बघा. तळाशी पुराचा धोका (१७८९ च्या जुलैतला महापूर खोऱ्याने विसरलेला नाही) आणि थंड हवाही तिथेच साचते. म्हणून आधी नकाशात उन्हाची बाजू ओळखा, मग महामार्ग सोडून चढणीच्या रस्त्याला लागा. रिंगेबूचं स्टेव्ह चर्चही (उभ्या लाकडी खांबांच्या सांगाड्यावर बांधलेलं जुनं चर्च) असंच वर आहे, साधारण १२२० चं. आतून पाहायचं तर उन्हाळ्यातच जा.

शेतघराच्या आवारात आधी धान्याचं कोठार गाठा. ते खांबांवर उचललेलं असतं, खालून वारा खेळतो. पायरी आणि दार यांच्यात मुद्दाम फट सोडलेली असते, उंदराला उडी जमू नये म्हणून. हौशी दुरुस्तीत ती फट बुजली की कोठाराचा निम्मा उपयोग गेला. गवताच्या छपराखाली भूर्जाच्या सालीचे थर असतात. पाणी साल अडवते. गवत-माती फक्त ती दाबून धरते.

याच परिसरातल्या शोक (Skjåk) नावाच्या भागात पाऊस वर्षाला ३०० मिलिमीटरच्या आसपासच, त्यामुळे तिथे डोंगरातून पाणी आणणारे जुने पाट जरूर शोधा.