शेजारी देशांमधलं भांडण मिटवायला निघालात? मग या चुका टाळा

मी बरीच वर्षं मॉक क्रायसिस घेतोय. दोन काल्पनिक देश, मध्ये एक नदी नाहीतर डोंगर, चार टीम आणि हातात एक दिवस. कधी कॉलेजची पोरं असतात, कधी नुकते नोकरीला लागलेले अधिकारी. बॅच बदलते पण चुका त्याच, अगदी त्याच क्रमाने. समजावून समजावून घसा बसला, म्हणून आता लिहून ठेवतोय, पुढच्या बॅचच्या हातात सरळ हेच देईन.

रागावलोय हे दाखवायला बोलणंच बंद करणं

ही माझी सगळ्यात नावडती चूक, त्यामुळे जरा लांबण लागेल.

तीनेक वर्षांपूर्वीचा सराव. सीमेवर गोळीबार, कागदावर दोन जवान ठार. एका टीममध्ये एक हुशार पण भयंकर उतावळा मुलगा होता, त्याने पहिल्या दहा मिनिटांत राजदूत परत बोलावला, लष्कराची हॉटलाइन बंद केली आणि सीमेवरच्या फ्लॅग मीटिंगाही (दोन्हीकडच्या अधिकाऱ्यांच्या समोरासमोर बैठका) रद्द करून टाकल्या. का रे बाबा? तर "सर, स्ट्राँग मेसेज गेला पाहिजे." म्हटलं बरं, जाऊ दे मेसेज. मग मी हळूच एक चिठ्ठी सरकवली: समोरच्या देशाचं टेहळणी विमान ढगांत भरकटून तुमच्या हद्दीत वीस किलोमीटर आत आलंय. आता समोरची टीम जीव तोडून सांगायला बघतेय की चुकून आलंय, पाडू नका, पण सांगणार कुणाला? लाइन बंद, राजदूत विमानतळावर. शेवटी त्यांनी घाईघाईत पत्रकार परिषद घेतली, तिच्यातलं एक वाक्य याला धमकी वाटलं आणि याने विमान पाडलं. जेवणाच्या सुट्टीपर्यंत दोन्हीकडच्या तोफा सुरू! आणि वर हाच मला विचारतो, "पण सर, त्यांनी आधी सांगितलं का नाही?"

निषेध नोंदवायला पन्नास रस्ते आहेत. राजदूताला बोलावून झापा, व्हिसा थांबवा, दौरे रद्द करा, काय वाटेल ते करा, फक्त लष्कराच्या लाइनला हात लावू नका. भांडण पेटलेलं असतं तेव्हाच तिची गरज असते, एरवी काय, हवापाण्याच्या गप्पा मारायला आहे का ती?

१९६२ च्या क्यूबा पेचात (क्यूबातल्या सोव्हिएत क्षेपणास्त्रांवरून पेटलेला) वॉशिंग्टन आणि मॉस्कोचे निरोप पोचायला तासन्‌तास लागत होते, म्हणून १९६३ मध्ये हॉटलाइन आली. (शेजारी नव्हेत ते, माहितीये, पण धडा तोच.) सिनेमात लाल फोन दाखवतात, पण खरी लाइन टेलिप्रिंटरची होती, मुद्दाम लेखी, म्हणजे तोंडातून रागात शब्द सुटायला नको आणि भाषांतर करणाऱ्याला श्वास घ्यायला वेळ मिळेल. आणि नुसती तार टाकून भागत नाही. १९६९ च्या मार्चमध्ये उसुरी नदीतल्या बेटावरून सोव्हिएत आणि चिनी सैनिक एकमेकांना मारत होते, तेव्हा सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन यांनी बीजिंगला फोन लावला, तर तिथल्या ऑपरेटरने जोडूनच दिला नाही. शेवटी सप्टेंबरमध्ये ते आणि चिनी पंतप्रधान चौ एन-लाय बीजिंगच्या विमानतळावर भेटले तेव्हा कुठे ताण उतरायला लागला. उलट भारत आणि पाकिस्तान बघा. एकमेकांच्या अणुकेंद्रांवर हल्ला करायचा नाही असा करार १९८८ चा, आणि १९९२ पासून दर १ जानेवारीला केंद्रांच्या याद्या बदलल्या जातात. मधे कारगिल झालं तरी यादी गेलीच.

माझी सवय सांगतो. कोऱ्या कागदावर सगळ्यात आधी लिहायचं, रात्री तीन वाजता कोण कुणाला फोन करणार, कुठल्या भाषेत, आणि तो जागेवर नसेल तर दुसरा कोण. हे लिहून होत नाही तोवर मी टीमला नकाशा देत नाही. पोरं कंटाळतात. कंटाळू देत.

ठिणगीलाच कारण समजणं

१९६९ चं एल साल्वाडोर आणि होंडुरासचं 'फुटबॉल युद्ध', दोघांच्या सामन्यांतल्या दंगलींनंतर पेटलेलं. नाव वाचून जो फुटबॉलवर निबंध लिहितो त्याला मी शून्य देतो. जमिनीचा प्रश्न आणि होंडुरासमधून हाकलले जाणारे साल्वाडोरचे शेतकरी, तिथून सुरुवात करा.

सही झाली म्हणजे मिटलं

ही दुसरी लाडकी चूक. शॉर्टकटवाल्यांची तर फारच. करारात 'अंतिम आणि बंधनकारक' एवढे शब्द टाकले की यांना वाटतं झालं काम, चला फोटो काढा.

इथिओपिया आणि इरिट्रिया घ्या. १९९८ ते २०००, बाडमे नावाच्या छोट्याशा गावावरून पेटलेलं युद्ध (चलन, व्यापार अशी जुनी दुखणी खाली होतीच), हजारोंनी माणसं मेली. डिसेंबर २००० मध्ये अल्जिअर्सला करार, सीमाआयोग जे ठरवेल ते अंतिम आणि बंधनकारक. दोघांच्याही सह्या. एप्रिल २००२ मध्ये निवाडा आला, त्यानुसार बाडमे इरिट्रियाकडे. झालं! इथिओपिया म्हणाला तत्त्वतः मान्य, पण आधी चर्चा. इरिट्रिया म्हणाला आधी सीमेचे खांब रोवा, मग चर्चा. खांब काही रोवले गेले नाहीत, शेवटी आयोगाने २००७ मध्ये नकाशावरच बिंदू देऊन गाशा गुंडाळला, पुढच्या वर्षी संयुक्त राष्ट्रांचं शांतिदलही गेलं. निवाडा पूर्ण मान्य, असं इथिओपियाने म्हणेपर्यंत २०१८ उजाडलं.

आता उलट उदाहरण. त्याच २००२ सालच्या ऑक्टोबरमध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने नायजेरिया आणि कॅमेरूनच्या वादातला बाकासी द्वीपकल्प कॅमेरूनला दिला. नायजेरियात भरपूर आरडाओरडा झाला, तिथे राहणारे बहुतेक लोक नायजेरियाचेच होते. पण संयुक्त राष्ट्रांच्या पुढाकाराने दोन्ही देशांचा मिश्र आयोग बसला, एकेक विषय काढत. २००६ मध्ये ग्रीनट्री करार झाला, त्यात फौज किती दिवसांत काढायची ते लिहिलेलं, म्हणजे ६० दिवस आणि फार तर ३० वाढीव, तिथल्या नायजेरियन लोकांचं काय होणार ते लिहिलेलं, देखरेख कोण करणार तेही. साक्षीदार म्हणून अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि जर्मनी. ऑगस्ट २००८ मध्ये उरलेला ताबाही कॅमेरूनकडे गेला. धुसफूस राहिली, कोर्टकज्जेही झाले, पण दोन देशांचं युद्ध झालं नाही.

पोरं म्हणतात नायजेरिया समंजस होता. असेल थोडा. पण मला दिसतो तो त्या मिश्र आयोगाचा कंटाळवाणा कारभार, बैठकांमागून बैठका. तो कुणाला करायचा नसतो, प्रत्येकाला सहीचं पेन धरायचं असतं. म्हणून मी आता सहीनंतरच्या पहिल्या ९० दिवसांचं वेळापत्रक दिल्याशिवाय कुठलाही करार तपासायलाच घेत नाही.

बाकीच्या, थोडक्यात

जमीन न बघता रेघ ओढू नका. पेरू आणि इक्वाडोरच्या १९४२ च्या प्रोटोकॉलने (सीमाकराराने) दोन नद्यांमधला जलविभाजक, म्हणजे पाणी दोन्हीकडे वाटणारा उंचवटा, ही सीमा धरली, नंतर हवाई पाहणीत कळलं की मध्ये सेनेपा नावाची चांगली लांब नदी आहे, म्हणजे उंचवटा एक नाहीच. ७८ किलोमीटर सीमा आखायची राहिली आणि १९९५ मध्ये तिथेच लढाई. १९९८ च्या तोडग्यात तिविंझा इथली एक चौरस किलोमीटर जागा इक्वाडोरला खासगी मालकीने दिली, सार्वभौमत्व मात्र पेरूचं. सुंदर युक्ती आहे, पण कृपा करून प्रत्येक सरावात ती चिकटवू नका.

नियम लिहिताना पळवाट शोधा. भारत-चीनचा १९९६ चा करार सांगतो की प्रत्यक्ष नियंत्रण रेषेच्या २ किलोमीटर आत गोळी झाडायची नाही. जून २०२० मध्ये गलवानला गोळी न सुटता, दगड-काठ्यांच्या मारामारीत २० भारतीय जवान गेले.

सगळे वाद एकाच पोत्यात भरू नका. जो सुटतोय तो आधी सोडवा.

मध्यस्थाला घाई लावू नका. दक्षिण अमेरिकेच्या टोकाच्या बीगल सामुद्रधुनीतल्या बेटांवरून १९७८ च्या डिसेंबरमध्ये अर्जेंटिना आणि चिली अगदी युद्धाच्या तोंडावर होते, पोपनी कार्डिनल सामोरे यांना पाठवलं आणि हल्ला थांबला. पण पोपचा प्रस्ताव आला १९८० मध्ये, अर्जेंटिनाने तो तसाच लोंबकळत ठेवला, मग तिथली लष्करी राजवटच गेली, आणि करारावर सह्या झाल्या नोव्हेंबर १९८४ मध्ये. सामोरे त्याआधीच वारले होते. माझ्या बॅचला हे सगळं चहाच्या आधी उरकायचं असतं.