सीमाभागात माहितीपट करताय? या चुका टाळा

बेळगावात कॅमेरा घेऊन येणाऱ्यांची पहिली चूक तारीख निवडण्यात होते. १ नोव्हेंबरला यायचं, काळ्या दिनाची फेरी टिपायची, दोन मुलाखती घ्यायच्या आणि परतीची गाडी धरायची. बेळगाव महाराष्ट्राऐवजी तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेलं, ती १९५६ ची जखम खरीच आहे, फेरीही खरी. पण फेरीतला माणूस २ तारखेला वडगावात मागावर उभा असतो आणि संध्याकाळी खडेबाजारात कन्नडमधून भाव पाडून घेतो. निरीक्षणपर माहितीपटाला, म्हणजे माणसांचं रोजचं जगणं मध्ये न पडता टिपणाऱ्या माहितीपटाला, तो माणूस हवा.

दुसरी चूक म्हणजे “सीमाप्रश्नाबद्दल काय वाटतं?” असं थेट विचारणं. समोरचा लगेच सावरून बसतो आणि भाषण सुरू करतो. ते त्याला पाठच असतं. भाषण सुरू झालंच तर मध्ये तोडू नका, कॅमेराही बंद करू नका. ते संपलं की तो पुन्हा कामाला हात घालतो, कुणाला तरी हाक मारतो. तुमचं चित्रीकरण खरं तर तिथून सुरू होतं.

निपाणीत विड्या वळणाऱ्या बायकांना “मावशी, परत एकदा, जरा सावकाश” असं सांगणारे तर मला अजिबात आवडत नाहीत. मजुरी हजार विड्यांमागे मिळते. तुमच्या रिटेकचा वेळ तिच्या पैशातून जातो. हात नीट दिसत नसतील तर तुम्ही जागा बदला. ती पुढची विडी वळणारच आहे. परवानगी मात्र तिच्याकडूनच घ्या, नुसती कारखानदाराकडून नको.

पॉवरलूमच्या खोलीत ऑटो गेन ठेवला, म्हणजे आवाजाची पातळी रेकॉर्डरवरच सोडली, तर आवाज हाती लागत नाही. माग थांबले की रेकॉर्डर ती पातळी वाढवतो आणि त्या शांततेत नुसती खरखर भरते. पातळी हातानेच लावा, कॉलरचा माइक तोंडाजवळ ठेवा. वीज गेली की लगेच कट करण्याचा मोह होतो, तो आवरा. मागांच्या खडखडाटात दबलेल्या गप्पा तेव्हाच ऐकू येतात. ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकत असेल तर शटर १/५० किंवा १/१०० करून पाहा, आपली वीज ५० हर्ट्झची आहे.

पावसाळ्यात खानापूरच्या पश्चिमेला, कणकुंबीकडे जाताना गाडीचा एसी बंद ठेवा. गार लेन्स बाहेर काढली की तिच्यावर वाफ धरते.

संकलनात होणारी चूक जास्त महागात पडते: कन्नड आली की प्रसंग कापायचा. अर्ध्या वाक्यात भाषा बदलणं हे इथलं रोजचं बोलणं आहे. ते राहू द्या, खाली उपशीर्षकं द्या. भाषांतर मात्र इकडच्याच माणसाकडून करून घ्या. बेंगळूरकडच्या कन्नडवर वाढलेल्याला इथले टोमणे सगळेच कळतील असं नाही.