विमान हाताने वळवतात कसं? घरच्या सिम्युलेटरवर करून बघा

नाशिककरांना विमानं नवीन नाहीत, ओझरला एचएएल, म्हणजे हिंदुस्तान एरोनॉटिक्सचा विमान कारखाना, 1964 पासून आहे, आधी मिग मग सुखोई ही लढाऊ विमानं. पण पायलट हाताने नक्की काय करतो विचारलं की उत्तर एकच, स्टेअरिंग फिरवतो. तसं नसतं राव.

सिम्युलेटरमध्ये सेसना 172 हे छोटं विमान घ्या. रनवेवर स्टिक (हातातली दांडी) डावी-उजवी करून विमान वळत नाही, ते काम पायातल्या पेडलचं. ओझरहून पश्चिमेला टेकऑफ करून 5000 फुटांवर सरळ व्हा, त्याखाली नको, पुढे त्र्यंबककडे अंजनेरी आणि ब्रह्मगिरी दोन्ही चार हजारांच्या वर आहेत.

गंगापूर धरणाचं पाणी दिसलं की डावीकडे, हेडिंग (नाकाची दिशा, अंशांत) 270 म्हणजे पश्चिम, त्यावरून 180 म्हणजे दक्षिण. आधी तिकडे कोणी नाही ना ते बघा, मग स्टिक हळूच डावीकडे. डाव्या पंखाचं एलेरॉन (मागच्या कडेची हलती पट्टी) वर उठतं, उजव्याचं खाली जातं आणि विमान कलायला लागतं. सोबत डावं पेडल थोडं दाबा, कारण वर जाणाऱ्या उजव्या पंखाला हवेचा अडथळा जास्त होतो आणि नाक उलट्या बाजूला ओढलं जातं.

कल 30 अंश झाला की स्टिक परत मध्ये. इथेच सगळे फसतात! कारसारखं वळण संपेपर्यंत धरून बसलात तर विमान कलतच जातं, 40, 50, 60... स्टिक किती सरकवली यावर किती भरभर कलणार ते ठरतं, किती कलणार ते नाही. मध्ये आणली तरी कल राहतो आणि विमान आपलं वळत राहतं.

मग नाक खाली जायला लागेल, कारण लिफ्टचा, म्हणजे पंखांच्या उचलणाऱ्या जोराचा, काही भाग वळवण्यात जातोय, म्हणून स्टिक किंचित मागे ओढून ठेवा. 30 अंशाला थोडीशीच पुरते, पण 60 ला उंची टिकवायची तर पंखांवर विमानाच्या वजनाच्या दुप्पट भार येतो, त्यामुळे नवीन असाल तर त्या वाटेला जाऊच नका.

हेडिंग 195 आलं की उलटं सुरू, म्हणजे कलाच्या निम्मे अंश आधी: स्टिक उजवीकडे, उजवं पेडल, आणि मागची ओढ सोडा, नाहीतर विमान वर चढेल.

एवढं करूनही सरळ उडताना स्टिक सारखी धरावी लागत असेल तर ट्रिम बाकी आहे. आधी स्टिकने नाक जागेवर आणायचं, मग हातावरचा जोर जाईपर्यंत ट्रिमचं चाक फिरवायचं.