सिलॅबसचं पहिलं पान आधी बघा

पहिल्या वर्षाला मी मोहोळहून एसटीनं सोलापूरला ये-जा करायचो. कॉलेजजवळच्या झेरॉक्सच्या दुकानात बी.एस्सी.चा सिलॅबस 40 रुपयांना मिळाला, स्पायरल मारून. दिवाळीच्या सुट्टीत त्यातलं थर्मोडायनॅमिक्सचं अख्खं युनिट मी घासून घासून केलं. कॉलेज उघडल्यावर सरांनी माझी प्रत हातात घेतली, पहिल्या पानावर बोट ठेवलं आणि म्हणाले, “अरे, हा जुना आहे.” ते युनिट त्या सेमिस्टरला नव्हतंच. फार वाईट वाटलं.

नवा सिलॅबस पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर सोलापूर विद्यापीठाच्या वेबसाइटवर फुकट होता. लॉगिन लागत नाही, फी लागत नाही. मला कुणी सांगितलंच नव्हतं, म्हणून तुम्हाला सांगतोय.

पीडीएफ उघडली की आधी ‘कोणत्या शैक्षणिक वर्षापासून लागू’ ते बघा. आता नवीन शैक्षणिक धोरणामुळे विषयांची रचनाच बदलली आहे, त्यामुळे ताईदादांच्या वह्या सिलॅबसशी ताडून मगच वापरा. मग क्रेडिट, म्हणजे विषयाला किती वजन दिलंय ते बघा. थिअरीचं 1 क्रेडिट म्हणजे 15 तास शिकवणं, प्रॅक्टिकलचं 30 तास. युनिटपुढे तास लिहिलेले असतात. ज्याला जास्त तास, त्याला आधी हात घाला. शेवटी प्रश्नपत्रिकेचं स्वरूप दिलेलं असेल तर ते पान फोनमध्ये वेगळं काढून ठेवा.

आणि संदर्भग्रंथांची यादी. हिच्याकडे कुणी बघत नाही, पण मला सगळ्यात जास्त उपयोग हिचाच झाला. यादीतलं एक जाड पुस्तक कॉलेजच्या लायब्ररीत मिळालं. कव्हर निघालेलं, आत शिवाजी विद्यापीठाच्या काळातल्या तारखांचे शिक्के. 2004 साली आपलं विद्यापीठ झालं, त्याआधी इथली कॉलेजं कोल्हापूरला जोडलेली होती. गाइडमध्ये दोन ओळींत उरकलेलं डेरिव्हेशन त्यात चार पानं समजावून दिलं होतं. एसटीत खिडकीशी बसून ते वाचलं, तेव्हा कुठे डोक्यात उजेड पडला.

एम.एस्सी.च्या प्रवेश परीक्षेच्या वेळी मी पुणे आणि कोल्हापूरचे सिलॅबसही उतरवून घेतले. ते दोन्हीही सगळ्यांसाठी खुले आहेत. तिन्ही शेजारी ठेवल्यावर आपल्याकडे कोणता भाग कमी शिकवलाय ते लगेच दिसलं. तेवढ्याच भागाची व्याख्यानं मग ‘स्वयम्’ या केंद्र सरकारच्या ऑनलाइन कोर्सच्या पोर्टलवर ऐकली, तीही फुकट.

फोनवर मोठी पीडीएफ अडकत असेल, तर कॉलेजच्या लायब्ररीतल्या कॉम्प्युटरवर उघडा आणि आपल्या विषयाची तेवढी पानं प्रिंट करून घ्या.