पीटर ब्रुक कसा अभ्यासायचा (पुण्यात बसून, फुकटात किंवा जवळपास फुकटात)

पुरुषोत्तम करंडकाच्या, म्हणजे कॉलेजांच्या एकांकिका स्पर्धेच्या, तालमी सुरू झाल्या की नेपथ्याला पैसे नाहीत हे कळल्यावर कोणीतरी हमखास पीटर ब्रुक हा इंग्रज नाट्यदिग्दर्शक काढतं. रिकामी जागा, एक माणूस चालतोय, दुसरा बघतोय, झालं नाटक. नाव सगळ्यांना माहितीये पण या माणसाने नक्की काय काय केलं आणि लोक त्याच्यावर एवढे फिदा का होते नि एवढे चिडले का होते हे विचारलं की त्या एका वाक्यापुढे गाडी सरकत नाही. तर नाटकाच्या कोर्सचा इंटरव्ह्यू असेल, वर्गात प्रेझेंटेशन असेल किंवा नुसती खाज असेल, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

पहिली गोष्ट म्हणजे पुस्तकापासून सुरुवात करू नका. त्याचं 'द एम्प्टी स्पेस' (म्हणजे तीच रिकामी जागा) आलं १९६८ साली, तोवर ब्रुक वीसेक वर्षं धंद्यात मुरलेला होता, आणि धंदा म्हणजे खराखुरा धंदा, स्टार नट, मोठी थिएटरं, ऑपेरा. ते माहीत नसताना पुस्तक वाचलं की तो झाडाखाली बसलेला साधूबाबा वाटायला लागतो.

त्याऐवजी एक मोठा कागद घ्या आणि तीन रकाने पाडा. साल आणि नाटक, कुठल्या जागेत झालं, आणि पैसा-संस्था कोणाची. तिसरा रकाना कोणी भरत नाही, आणि सगळी गंमत तिथेच आहे.

आता भरायला घ्या. जन्म १९२५, लंडन, आईवडील लॅटव्हियातून आलेले ज्यू. ऑक्सफर्डमध्ये शिकला. १९४५ ला बर्मिंगहॅम रेप या थिएटरमध्ये, तिथे पॉल स्कोफील्ड हा नट भेटला, पुढच्याच वर्षी स्ट्रॅटफर्ड, शेक्सपिअरच्या गावचं थिएटर. बावीस-तेवीस वर्षांचा असताना लंडनच्या रॉयल ऑपेरा हाउसमध्ये प्रॉडक्शन्सचा डायरेक्टर! आणि १९४९ ला तिथे 'सालोमे' हा ऑपेरा केला, नेपथ्य आणि कपडे साक्षात चित्रकार साल्वादोर दालीचे. समीक्षक भडकले, बोंबाबोंब झाली आणि थोड्याच दिवसांत ब्रुक ऑपेरा हाउसच्या बाहेर. १९५५ ला शेक्सपिअरचं 'टायटस अँड्रॉनिकस', त्यात लॉरेन्स ऑलिव्हिए आणि व्हिव्हियन ली हे स्टार. त्यात लॅव्हिनियाचे हात तोडतात, जीभ कापतात, तर ब्रुकने रक्त दाखवलंच नाही, मनगटातून आणि तोंडातून लाल फिती सोडल्या. ही फीत लक्षात ठेवा. खरं दाखवण्यापेक्षा एक वस्तू ठेवून बाकीचं प्रेक्षकावर सोडायचं हे त्याचं पुढचं सगळं काम आहे, आणि ते पुढे तो पॅरिसला गेला तिथे नाही तर स्टार नटांच्या मेनस्ट्रीम नाटकात सुरू झालंय.

कागद अर्धा भरला की मग समीक्षा. इथे माझी पद्धत अशी की दोन रंगांची पेनं घ्यायची. परीक्षणात जिथे समीक्षक काय दिसलं ते सांगतोय तिथे निळी रेघ, जिथे कसं वाटलं ते सांगतोय तिथे लाल. बरीच परीक्षणं लालच लाल निघतात (आपल्याकडची तर विचारूच नका, 'सर्वांच्या भूमिका समाधानकारक' हे कुठल्या पेनाने रंगवायचं तेच मला अजून कळलेलं नाही). निळ्या रेघा जमवत गेलात की न बघितलेलं नाटक डोळ्यासमोर उभं राहायला लागतं.

हे करून बघायला 'किंग लिअर' बेस्ट. १९६२, रॉयल शेक्सपिअर कंपनी, लिअर पुन्हा स्कोफील्ड. निळ्या रेघांमधून काय मिळतं बघा. लिअरचे सरदार गॉनरिलच्या घरात जेवायला बसतात आणि टेबलं उलथून सगळं उद्ध्वस्त करतात, म्हणजे बापाला घराबाहेर काढणारी पोरगी एकदम राक्षसीण राहत नाही, तिचंही काहीतरी म्हणणं आहे असं वाटायला लागतं. ग्लॉस्टर या म्हाताऱ्या सरदाराचे डोळे काढल्यावर मूळ संहितेत दोन नोकर त्याच्या जखमेला औषध लावायची भाषा करतात, ब्रुकने ते वाक्यंच कापली. आंधळा ग्लॉस्टर धडपडत बाहेर जातोय, नोकर सामान आवरताना त्याला धक्के देतायत, आणि तेवढ्यात प्रेक्षागृहातले लाइट लागतात. मध्यंतर. चहाला जायचं की नाही हेच कळू नये अशी सोय.

आता लाल रेघा. समीक्षक केनेथ टायननने याचं जोरदार कौतुक केलं, कारण ब्रुक कोणाचीच बाजू घेत नाही. दुसरा गट म्हणाला की माणुसकीची वाक्यं कापायची आणि मग जग किती क्रूर म्हणायचं ही चलाखी झाली, शेक्सपिअरच्या नावाखाली बेकेट ('वेटिंग फॉर गोदो'वाला) विकताय. आणि खरंच पोलंडचा समीक्षक यान कॉट याने 'लिअर'ला बेकेटशेजारी नेऊन बसवलं होतं आणि ब्रुकवर त्याचा प्रभाव होता. म्हणजे निळी रेघ दोघांची एकच, कापलेली वाक्यं. भांडण फक्त लाल रेघेत. असा एक मुद्दा शोधता आला ना, की तुमचं प्रेझेंटेशन निम्मं झालं.

'लिअर'चा सिनेमाही आहे, १९७१ चा, पण तो नाटकाचं रेकॉर्डिंग नाही, जवळपास दहा वर्षांनी केलेली वेगळी गोष्ट आहे. १९६४ च्या 'मारा/साद'चा सिनेमा (१९६७) नाटकाला बराच धरून आहे, वेड्यांच्या इस्पितळातलं नाटकातलं नाटक, ग्लेंडा जॅक्सन वगैरे, न्यूयॉर्कमध्ये ब्रुकला त्यासाठी टोनी हे नाटकाचं मोठं बक्षीस मिळालं. बघायचंच असेल तर हे आधी बघा.

मग १९७० चं शेक्सपिअरचंच 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'. जंगल नाही, झाडं नाहीत, सॅली जेकब्सने केलेली पांढरीफेक पेटी, ट्रॅपीझवर लोंबकळणारे नट, काठीवर फिरणाऱ्या ताटल्या. क्लाइव्ह बार्न्सने न्यूयॉर्क टाइम्समध्ये अक्षरशः डोक्यावर घेतलं. काहींना ती नुसती सर्कस वाटली. याचं पूर्ण चित्रीकरण सहज मिळत नाही त्यामुळे फोटो आणि निळ्या रेघा यांवरच भागवावं लागतं. पण एक भारी गोष्ट म्हणजे डेव्हिड सेलबॉर्न नावाचा लेखक तालमींना बसला होता आणि त्याने नंतर त्याचं पुस्तक काढलं, त्यात ब्रुक अजिबात संत वाटत नाही. नटांना मोकळीक देतोय असं म्हणत शेवटी स्वतःला हवं तिथेच नेणारा दिग्दर्शक दिसतो. (आपल्या ओळखीचा प्राणी आहे हा, नाव नको घ्यायला.) परीक्षण एका रात्रीचं असतं, तालमीची डायरी आठवड्यांची. दोन्ही मिळाली तर दोन्ही वाचा, आणि एकाला दुसऱ्याने तपासा.

एवढं यश मिळाल्यावर माणूस काय करेल? हा उठून पॅरिसला गेला. मिशेलिन रोझां या निर्मातीबरोबर नाटकाच्या शोधासाठी आंतरराष्ट्रीय केंद्र काढलं, देशोदेशीचे नट गोळा केले. १९७१ ला इराणमध्ये पर्सेपोलिसला कवी टेड ह्यूजने नव्याने बनवलेल्या भाषेत 'ऑर्गास्ट', १९७२-७३ ला आफ्रिकेत गावोगाव सतरंजी अंथरून खेळ, आणि १९७४ पासून बुफ द्यू नोर हे पडीक थिएटर, ज्याच्या भिंतींचे पोपडे त्याने मुद्दाम तसेच ठेवले. इथे तिसरा रकाना बघा. महिनोन्महिने तिकीटविक्रीशिवाय प्रयोग करत बसायचं तर ग्रँट लागते, सरकारी आणि फाउंडेशनची. रिकामी जागा फुकट नव्हती राव! हे मी टोमणा म्हणून म्हणत नाहीये, पुण्यात सुदर्शन किंवा ज्योत्स्ना भोळे सभागृहात एक प्रयोग लावताना आपले जे हाल होतात त्यावरून म्हणतोय.

आता पुस्तक वाचा. चार विद्यापीठांत दिलेल्या व्याख्यानांवरून झालेलं आहे, पातळ आहे, दोन बसण्यांत होतं. नाटकाचे चार प्रकार सांगितलेत, मेलेलं, पवित्र, रांगडं आणि त्या क्षणाचं. सगळे 'पवित्र'वर अडकतात, मी म्हणेन की मेलेल्या नाटकाचा भाग दोनदा वाचा.

आणि आता खरा विषय, 'महाभारत'. १९८५, आव्हिन्याँजवळच्या दगडाच्या खाणीत, नऊ तास, संहिता जाँ-क्लोद कारिएरची, फ्रेंचमध्ये. माती, पाणी, आग. भीष्म माली-बुर्किना फासोकडचा सोतिगी कुयाते, द्रोण जपानी योशी ओइदा, धृतराष्ट्र पोलिश चेस्लाक, द्रौपदी आपली मल्लिका साराभाई. पुढे इंग्रजीत जगभर दौरा, १९८९ ला फिल्म. पश्चिमेतल्या बऱ्याच समीक्षकांनी शतकातलं मोठं नाटक म्हणून गौरवलं. नाट्यअभ्यासक रुस्तम भरुचांनी मात्र एका लेखात धुतलं, त्यांचं म्हणणं असं की ही गोष्ट ज्या समाजात जगली जाते त्यातून ती उचलून मानवजातीची म्हणून विकली, जात-धर्म-कर्माचा सगळा गुंता बाजूला, गीता तर दोन मिनिटांत आटोपली. तो लेख वाचल्याशिवाय ब्रुकवर तोंड उघडू नका.

पण भरुचा वाचून लगेच त्यांच्या पार्टीतही जाऊ नका, कारण इथे पुणेकराच्या हातात एक पत्ता आहे. भांडारकर संस्था! महाभारताची चिकित्सक आवृत्ती, म्हणजे अनेक हस्तलिखितं ताडून ठरवलेली संहिता, इथे लॉ कॉलेज रोडवर झाली, १९१९ ला काम सुरू, १९६६ ला पूर्ण. ब्रुकचं नाटक सुरू होतं ते व्यास सांगतायत आणि गणपती लिहून घेतोय असं. भांडारकरच्या आवृत्तीत हा लेखनिक गणपती मुख्य संहितेत नाहीच, मागे परिशिष्टात आहे. वस्त्रहरणाच्या वेळी द्रौपदीने कृष्णाचा धावा करणंही मुख्य संहितेत नाही. तेव्हा 'मूळ' महाभारत बिघडवलं असं कोणी म्हटलं की आधी विचारा, कुठलं मूळ? भरुचांचा मुद्दा याने खोटा पडत नाही, तो पाठांचा नाहीच, सत्तेचा आणि संदर्भाचा आहे. पण दोन तक्रारी वेगळ्या काढता येतात आणि त्या वेगळ्या काढणं हेच तुमचं काम. माझं मत विचाराल तर फिल्ममधला भीष्म मला अजून पुसता येत नाही आणि गीता बघताना मात्र चिडचिड होते. त्यातच फिल्म आली तेव्हा आपल्याकडे दर रविवारी दूरदर्शनवर चोप्रांचं 'महाभारत' चालू होतं, तुलना होणारच होती.

फिल्म बघताना लांब आवृत्ती मिळवा, पाच तासांहून मोठी आहे, तीन तासांच्या कटवरून मत बनवू नका.

एवढं वाचून झालं की एक संध्याकाळ हातापायांनी अभ्यास करा. कॉलेजच्या पोर्चमध्ये किंवा सोसायटीच्या पार्किंगमध्ये सतरंजी टाका, तुमच्या एकांकिकेतला एक प्रसंग लाइट, म्युझिक, लेव्हल्स काहीही न घेता करा, एकच वस्तू वापरायची परवानगी. समोर नाटकवाले बसवू नका, ते सभ्यपणे हसतात. वॉचमन, लहान पोरं, भाजी घेऊन चाललेल्या काकू असं पब्लिक पाहिजे. कोण कधी उठून गेलं ते लिहून ठेवा, ते निळ्या पेनाने.

प्रेझेंटेशनमध्ये सगळं करिअर कोंबू नका. एक नाटक, त्यातला एक निर्णय, त्यावरची दोन विरुद्ध मतं आणि तुमचा कौल, दहा मिनिटं होतात. उशिराच्या छोट्या नाटकांबद्दल कोणी विचारलंच तर १९९३ चं 'द मॅन हू' सांगा, मेंदूच्या आजारांवरचं, आणि हेही सांगा की शेवटच्या वर्षांतला साधेपणा काही समीक्षकांना निव्वळ पातळ वाटला.

भारत सरकारने २०२१ ला पद्मश्री दिली, २ जुलै २०२२ ला पॅरिसमध्ये गेला, ९७ वर्षांचा होता. तेव्हाचे मृत्युलेख ऑनलाइन ढीगभर आहेत, ते सगळ्यात शेवटी वाचा, कारण त्यात जो तो अदबीने बोलतो. वाचताना 'महाभारता'ला किती ओळी दिल्यात आणि त्यात भरुचांचं नाव येतं का तेवढं बघा, लेख कुठे बसून लिहिलाय ते लगेच कळतं.