सही झाल्यावर हॉलवाल्यांनी बदल केला तर? आधी फोनवर "ठीक आहे" म्हणणं टाळा

लग्नाच्या हॉलचा करार झाल्यावर हॉलवाल्यांचा असा फोन आला की त्यात बहुतेक वेळा "छोटासा चेंज आहे" हे शब्द असतातच. मोठ्या हॉलचं रिनोव्हेशन निघालंय म्हणून वरच्या मजल्यावरचा हॉल देतो, मालक बदललेत आणि आता बाहेरचा केटरर चालणार नाही, पाचशे माणसांऐवजी साडेतीनशेच बसतील, संध्याकाळी दहाऐवजी आठला हॉल रिकामा करावा लागेल, किंवा मग थेट तारखेचाच घोळ. सांगणारा मॅनेजर गोड बोलतो, तुम्ही ऑफिसात किंवा गाडी चालवत असता, आणि तोंडातून पटकन निघून जातं, "बरं, बघू, ठीक आहे". झालं, पुढे वाद झाला की तेच म्हणतात की तुम्हाला विचारलं होतं, तुम्ही हो म्हणालात, आणि व्हॉट्सअॅपवर अंगठा टाकला असेल तर मग पुरावाच मिळाला त्यांना.

म्हणून पहिलं काम म्हणजे फोनवर फक्त एवढंच बोलायचं, "मला हे लेखी पाठवा, घरी बोलून कळवतो." चिडायचं नाही, भांडायचं नाही, कबूलही व्हायचं नाही. त्यांनी लेखी पाठवलं तर उत्तमच, नाही पाठवलं तर त्याच दिवशी तुम्हीच ईमेल टाका. भाषा साधी ठेवा, अशी काहीतरी: "आज फोनवर तुम्ही सांगितलंत की मुख्य हॉलऐवजी दुसरा हॉल मिळेल. आपल्या करारात मुख्य हॉल लिहिलेला आहे. या बदलाला आम्ही मान्यता दिलेली नाही. बदलाचं कारण, नव्या हॉलची क्षमता आणि नकाशा, आणि भरलेल्या पैशांचं काय करणार हे अमुक तारखेपर्यंत लेखी कळवा." बास. यात धमकी नाही पण सगळं नोंदलं गेलं.

आता करार बाहेर काढा आणि सगळा वाचा, मागच्या पानावरची बारीक अक्षरं पण, कारण खरी गंमत तिथेच असते. चार गोष्टी शोधायच्या. एक, जागेचं वर्णन नेमकं कसं केलंय, हॉलचं नाव लिहिलंय की नुसतं "आमच्या परिसरातील जागा". दोन, "समकक्ष जागा देण्याचा हक्क राखून ठेवला आहे" अशी ओळ आहे का. असली तरी घाबरू नका, समकक्ष म्हणजे समकक्षच हवं ना, अर्ध्या माणसांचा, खांबांमुळे स्टेज न दिसणारा हॉल समकक्ष कसा होईल, त्यामुळे क्षमता, चौरस फूट, पार्किंग, लिफ्ट, एसी, बॅकअप असं एकेक समोरासमोर मांडून दाखवा. तीन, रद्द करण्याच्या अटी, आणि त्या फक्त तुम्ही रद्द केलं तर काय याबद्दल आहेत की त्यांनी रद्द केलं तरचंही लिहिलंय. बऱ्याच करारांत हे एकतर्फीच असतं. चार, फोर्स मॅज्यूर नावाचं कलम, म्हणजे पूर, आग, सरकारी बंदी असं कुणाच्या हातात नसलेलं काही झालं तर काय.

हे चौथं जरा नीट समजून घ्या कारण हॉलवाले ते कुठेही लावतात. रिनोव्हेशन त्यांनीच ठरवलेलं असतं, डबल बुकिंग त्यांचीच चूक असते, यातलं काहीही दैवी संकट नाही! खरोखरचं संकट कसं असतं त्याचं जुनं उदाहरण कायद्याच्या पुस्तकांत हमखास सापडतं. लंडनमधला सरे गार्डन्सचा म्युझिक हॉल कार्यक्रमांसाठी भाड्याने ठरला होता आणि पहिल्या कार्यक्रमाच्या सहा दिवस आधी, ११ जून १८६१ ला, जळून गेला. भाडेकरूंनी जाहिरात आणि तयारीचा खर्च मागितला, पण १८६३ मध्ये कोर्ट म्हणालं की दोष कुणाचा नाही आणि जागाच उरली नाही, तर दोघंही करारातून मोकळे. म्हणजे वाया गेलेला खर्च भाडेकरूंच्याच अंगावर. यातून आपल्या कामाचं एवढंच की बदल कुणामुळे झाला ते लेखी काढून घ्या, कारण पुढचं सगळं त्यावर ठरतं.

मालक बदलला असेल तर नव्या मालकाकडून एक पत्र मागा, जुना करार आहे तसा पाळणार आणि जुन्याकडे भरलेला अॅडव्हान्स आमच्याकडे जमा धरणार, अशा दोन ओळींचं. हे पत्र द्यायला का कू केली तर सावध व्हा. पैशांच्या वादात लोक सगळ्यात जास्त इथेच अडकतात, जुना म्हणतो नव्याला दिले, नवा म्हणतो मला मिळालेच नाहीत.

बोलणी करायला जाण्याआधी मात्र दुसऱ्या दोन-तीन जागा त्याच तारखेला मिळतायत का हे बघून ठेवा. बुकिंग करणारे लोक नेमकं हे उलट करतात, आधी जाऊन भांडतात आणि मग शोधायला लागतात. हातात पर्याय नसेल तर समोरच्याला ते बोलण्यातूनच कळतं. पर्याय मिळाला तर त्याचा खर्च, आणि डेकोरेटर, फोटोग्राफर, केटरर यांना जागा बदलली तर चालेल का, वाहतुकीचे वेगळे पैसे लागतील का, हे एका कागदावर लिहा. हा आकडाच तुमचं मागणं ठरवतो, उगीच "एवढा मनस्ताप झाला" म्हणून गोल आकडा मागितला की ते हसून सोडून देतात.

मग तीनच रस्ते उरतात. बदल झेलायचा आणि भाडं कमी करून घ्यायचं, दुसरीकडे जायचं आणि पूर्ण पैसे परत मागायचे, किंवा तारीख पुढे ढकलायची. तारीख ढकलणं माझ्या मते शेवटचा उपाय, कारण हॉल सोडून बाकी सगळ्यांचे करार त्याच तारखेचे असतात. आणि भरपाई घ्यायचीच तर पैशात घ्या. फुकट लायटिंग, फुकट वेलकम ड्रिंक, एक रूम जास्त, हे ऐकायला छान वाटतं, पण हॉलवाल्याला ते जवळपास फुकटच पडतं आणि तुम्हाला नकोच असतं.

पुढचा हप्ता देऊ का नको, हा प्रश्न सगळ्यांना पडतो. रागाच्या भरात थांबवू नका, कारण तारखेला पैसे दिले नाहीत म्हणून तुम्हीच करार मोडला असं ते म्हणू शकतात. आधी लेखी विचारा, आणि द्यावाच लागला तर सोबत लिहून द्या की हे पैसे मूळ कराराप्रमाणे देतोय, बदल मान्य आहे म्हणून नाही. रक्कम मोठी असेल तर या टप्प्यावर वकिलाला एकदा कागद दाखवा, तासाभराचं काम असतं. अॅडव्हान्स कार्डने भरला असेल आणि ते सेवा पण देत नाहीत आणि पैसे पण देत नाहीत, तर बँकेकडे चार्जबॅक, म्हणजे कार्डने भरलेले पैसे बँकेमार्फत परत, मागता येतो, पण त्याला मुदत असते म्हणून बँकेला लगेच विचारा. लग्नाचा विमा काढला असेल तर कंपनीला पण लगेच कळवा. आता नव्याने काढून उपयोग नाही, आधीच माहीत असलेल्या अडचणीला सहसा कव्हर मिळत नाही.

अजून एक, जे पटकन लक्षात येत नाही. काही देशांत लग्नाच्या कायदेशीर नोटिशीत जागेचं नाव असतं, इंग्लंड आणि वेल्समध्ये तर जागा बदलली की नोटीस पुन्हा द्यावी लागते आणि त्यानंतर २८ दिवस थांबावं लागतं. तुम्ही जिथे आहात तिथल्या नोंदणी ऑफिसात हे नवीन जागा पक्की करायच्या आधीच विचारा.

तडजोड झाली की ती पुरवणी कराराच्या रूपात लिहून दोघांच्या सह्या घ्या, त्यात नव्या हॉलचं नाव, वेळ, क्षमता, कमी झालेली रक्कम, आणि पुन्हा बदल केला तर काय हे यायलाच हवं. पाहुण्यांना कळवायचं ते ही सही झाल्यावरच, त्याआधी ग्रुपवर टाकलंत तर दोनदा पत्ता बदलायची वेळ येईल, आणि वयस्कर नातेवाईकांना मेसेजवर सोडू नका, एकेकाला फोनच करा.