ग्रासकटरमध्ये ऑइल घालताना या चुका टाळा

पाऊस ओसरला की कोकणातल्या आंबा-काजूच्या बागांत ग्रासकटरची घरघर सुरू होते, आणि पाठोपाठ मेकॅनिककडे रांग लागते. दुकानात जो तो विचारतो, "कुठल्या कंपनीचं ऑइल चांगलं?" त्याआधी बघायचं ते मशीन टू-स्ट्रोक आहे की फोर-स्ट्रोक.

टू-स्ट्रोकला ऑइलची वेगळी जागाच नसते. पेट्रोलमध्ये मिसळलेलं टू-टी ऑइल पिस्टनला वंगण देतं. पुस्तिकेत पेट्रोल-ऑइलचं प्रमाण 25:1 असेल तर लिटरभर पेट्रोलला 40 मिली ऑइल, 50:1 असेल तर 20 मिली. गेल्या वर्षी आमच्याकडच्या गड्याने घाईघाईत स्कूटरसाठी आणलेलं साधं पेट्रोल ओतलं. थोड्याच वेळात मशीन बंद, दोरी ओढली तर हलेना. मेकॅनिकने सायलेन्सर काढून आत टॉर्च मारला. पिस्टनवर खिळ्याने ओढल्यासारखे उभे ओरखडे! चूक त्याची कसली, माझीच. दोन्ही कॅन पांढरे, खूण एकावरही नाही. आता मिश्रणाच्या कॅनला लाल चिंधी बांधलेली असते.

उलटंही घडतं. फोर-स्ट्रोकच्या पेट्रोलमध्ये टू-टी पडलं तर धूर होतो, प्लग काळा पडतो. टाकी रिकामी करून प्लग पुसला की बहुतेक वेळा निभावतं. पण फोर-स्ट्रोकला ऑइलचा वेगळा चेंबर असतो, त्यात तेच टू-टी घालू नका. ते पेट्रोलबरोबर जळून जायला बनवलेलं असतं, तासन्‌तास फिरत राहायला नाही.

फोर-स्ट्रोकमध्ये "असू दे थोडं जास्त" हा उदारपणा नडतो. होंडा जीएक्स 35 या इंजिनात 10डब्ल्यू-30 (हा ऑइलच्या दाटपणाचा ग्रेड) ऑइल लागतं जेमतेम 100 मिली, म्हणजे टपरीवरच्या कटिंगएवढं. जास्त झालं की एअर फिल्टर तेलकट होतो आणि पांढरा धूर सुटतो. मशीन सपाट जागेवर ठेवूनच पातळी बघा. बांधावर तिरकं ठेवून बघितलेली पातळी खोटी. नव्या मशीनचं ऑइल पहिल्या 10 तासांनी बदला, पुढे दर 50 तासांनी. ही पहिली बदली बहुतेक जण विसरतात.

बंगल्यापुढच्या हिरवळीचं लॉन मोअर असेल तर एसएई 30 किंवा 10डब्ल्यू-30, पुस्तिकेत असेल ते. आपल्याकडच्या उन्हात 10डब्ल्यू-30 थोडं जास्त जळू शकतं, तेव्हा दर वेळी सुरू करण्याआधी पातळी बघा. पातं साफ करायला मोअर आडवं करताना एअर फिल्टरची बाजू वर ठेवा.